आडावरची काठी

मी भित्रा माणूस आहे. हे आधीच सांगून टाकतो, कारण लढायांचे सिनेमे काढणाऱ्या माणसाबद्दल लोकांचा उगाच गैरसमज होतो. पहिल्यांदा भेटायला येणारा माझ्या ओठावर मिशा शोधतो. त्या नाहीत. घोड्यावर मी आयुष्यात एकदाच बसलो, तेही फोटोसाठी, आणि फोटो निघायच्या आत उतरलो. लहानपणी माळेगावच्या कारखान्याचा भोंगा झाला की मी आईच्या मागं लपायचो. आबा, म्हणजे माझे वडील, त्याच कारखान्यात फिटर होते. ते म्हणायचे, "भोंगा हाय त्यो, खात न्हाय." मला ते कधीच पटलं नाही.

आमचं मूळ गाव सणसर. मी बारामतीत जनरेटर आणि मंडपाचं सामान भाड्यानं द्यायचो. एकदा मुंबईच्या एका युनिटला ऐतिहासिक सिनेमासाठी बैलगाड्या हव्या होत्या. कारखान्याचा हंगाम संपलेला, उसाच्या गाड्या रिकाम्या, म्हणून मी एका दिवसात साठ गाड्या उभ्या केल्या. दुसऱ्या सिनेमाला गाड्यांबरोबर माणसं पुरवली. तिसऱ्याला वाटलं, सगळं आपणच गोळा करतो तर सिनेमाही आपणच का काढू नये? असा मी निर्माता झालो. घरी कुणाचा विश्वास बसला नाही. माझाही पुरता बसला नव्हता.

ऐतिहासिकच का, असं पुष्कळांनी विचारलं. मी त्यांना मातीचं ऋण वगैरे सांगायचो. खरं कारण एवढं उदात्त नव्हतं. ऐतिहासिक सिनेमा काढणाऱ्याला लोक आपोआप मोठ्या घरातला समजतात. आडनावावरून पटकन काही कळू नये असं माझं आडनाव आहे. सेटवर गावोगावचे पाटील मला बसायला खुर्ची द्यायचे, "साहेब, तुमचं घराणं कुठलं?" म्हणून विचारायचे आणि मी "इकडचंच, बारामतीकडचं" म्हणून चहाचा कप तोंडाला लावायचो. आबांनी भर तारुण्यात, छप्पन साली, धम्मदीक्षा घेतली होती आणि त्यानंतर कुणासमोर मान खाली घातली नव्हती. त्यांच्या पोटी मी असा निपजलो.

मी काढलेला पहिला सिनेमा लागला तेव्हा आबा बारामतीच्या टॉकीजमध्ये पहिल्या खेळाला आले. बाहेर आल्यावर म्हणाले, "झ्याक हाय. घोडी लई नामी हायत. पर आपुन कुठं हाय रं ह्यात? का त्या वक्ताला आपली मान्सं जल्मलीच नव्हती?"

मी हसण्यावारी नेलं. कारण त्या दिवशी मला त्याहून मोठी काळजी लागली होती. सिनेमात एका सुभेदाराच्या मनगटावर घड्याळ राहून गेलं होतं. तलवार उगारली की बाही खाली घसरायची आणि चकचकीत पट्टा दिसायचा. पुढच्या बाकांवरून कुणीतरी ओरडलं, "सुभेदार, वाजले किती?" आणि अख्खं थिएटर हसलं. पुढं वर्षभर मला एसटी स्टँडवर अनोळखी माणसं वेळ विचारायची. सिनेमा पडला त्याचं दुःख मी पचवलं. ते हसणं मात्र पचलं नाही. तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच भीती बसली, की चौकटीत काही नको ते दिसेल आणि लोक हसतील.

दुसऱ्या सिनेमाला हात घालेपर्यंत नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. या वेळी मोठी लढाई होती. चाळीस घोडेस्वार, चारशे पायदळ. मैदान सापडलं ते इंदापूर तालुक्यात, धरणाच्या फुगवट्याला. मे महिन्यात पाणी मागं सरतं आणि मैल मैल सपाट जमीन उघडी पडते. ना विजेचा खांब, ना डांबरी रस्ता. एका कडेला बुडालेल्या गावाचं जुनं देऊळ पाण्यातून वर आलेलं. दिग्दर्शक तर जागा बघून नाचायचाच बाकी राहिला.

मला मात्र ती जागा ठाऊक होती. ते बुडालेलं गाव माझ्या आत्याचं सासर. धरण झालं तेव्हा आत्याचं कुटुंब उठून बावड्याला गेलं. मी लहानपणी तिथं दोन-चार वेळा गेलो असेन, आता आठवत होतं ते फक्त आत्याच्या हातचं, भाकरीबरोबरचं कोरड्यास. हे मी युनिटमध्ये कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर आत्याचं घर कुठल्या बाजूला होतं, हेही कुणीतरी विचारलं असतं.

शूटिंगच्या आदल्या संध्याकाळी मी कॅमेऱ्याला डोळा लावून बघितलं आणि डोळा चोळून पुन्हा बघितलं. मैदानात इथंतिथं काठ्या रोवलेल्या होत्या. बाभळीच्या, चिल्हारीच्या, हातभर, दोन हात. टोकाला चिंध्या बांधलेल्या, एकीला तर खताच्या पोत्याचा निळा-पांढरा तुकडा. मला वाटलं, मासेमारांनी जाळी वाळवायला लावल्या असतील. सतराव्या शतकात खताचं पोतं! डोळ्यासमोर थिएटर आलं, हसणं आलं. मी कामगारांना हाक मारली, "एकूण एक काठी उपटा. एकही दिसता कामा नये." स्वतः मैदानभर फिरून दहा-बारा मीच उपटल्या. आचाऱ्यानं सगळ्या चुलीत घातल्या आणि सकाळचा चहा त्यांच्यावरच झाला. तो चहा मी पण प्यालो.

आबा त्या दिवशी पायदळात होते. हट्ट त्यांचाच. "मला घे की तुझ्या फौजंत," असं त्यांनी महिन्यापूर्वी म्हटलं आणि मला फार बरं वाटलं. वाटलं, त्यांच्या जुन्या प्रश्नाला हे परस्पर उत्तर झालं. निवृत्त माणूस, वय पासष्टच्या पुढं, पण फिटरचे खांदे अजून शाबूत होते. अंगरखा, मुंडासं घालून, ढाल-भाला घेऊन ते उभे राहिले तेव्हा खरोखर शोभले. मी त्यांच्या मनगटावरचं घड्याळ स्वतःच्या हातानं सोडलं. कारखान्यानं निरोपाला दिलेलं ते घड्याळ, आंघोळीशिवाय निघत नसे. मनगटावर पट्ट्याच्या जागी गोरी रेघ उमटली होती. "ही रेघ पण काढतूस का?" आबा म्हणाले. मी घड्याळ खिशात टाकलं.

सकाळी साडेसातला ऊन तिरपं होतं, दिग्दर्शकाला हवं होतं तसं. कॅमेरे पूर्वेला पाठ करून उभे. समोर, लांब, पायदळाची रांग आमच्याकडं तोंड करून. घोडे उजवीकडून उधळत येणार, मैदानभर पसरणार आणि मागून पायदळ धावणार. स्वारांना इशारा द्यायला पांढरं निशाण ठेवलं होतं. ते हलायला पाच मिनिटं राहिली असतील.

तेवढ्यात एक म्हातारी शेरडं घेऊन थेट कॅमेऱ्यासमोर आली. माणसं तिला हाकलायला धावली. ती कुणाला ऐकेना. "आवं, हितल्या खुना कुनी उपटल्या?" ती ओरडत होती. "कुना भाड्यानं उपटल्या?"

तो भाड्या मी होतो. मी पुढं गेलो. "आजी, कसल्या खुणा?"

"आडाच्या! गावचं आड हायती हितं. पानी हटलं की दर साली आमी ज्येची त्यो काठी रोवतो, जनावर जाऊ न्हाय म्हनून. वरून वाळल्यालं दिसतंय, पापुद्रा असतुया नुसता. आत गाळ. दोन सालामागं गाभन म्हस गेली, शिंगं सुदिक दिसली न्हाईत."

आड म्हणजे अरुंद, खोल विहीर. चाळीस घोडे, चारशे माणसं आणि खाली तोंड झाकलेल्या विहिरी. त्या काठ्या कुठं होत्या हे सांगायला आता त्यांची राख तेवढी उरली होती. दिग्दर्शकाला मी काय सांगितलं ते आठवत नाही, पण तोही पांढराफटक पडला. निशाणवाल्याला खाली बसवलं.

म्हातारी मात्र खमकी. तिनं देवळाकडं बघितलं, एका पडक्या चौथऱ्याकडं बघितलं, पावलं मोजत गेली आणि काठीनं जमीन टोचली. काठी हातभर आत गेली. "ह्यो पाटलाचा." मग डावीकडं साठ-सत्तर पावलं. "ह्यो चावडीचा." दोन्ही ठिकाणी आम्ही माणसं उभी केली, दगड रचले, त्यावर लढाईत मोडलेल्या दाखवायला आणलेल्या गाड्यांची चाकं ठेवली, म्हणजे चौकटीतही खपतील. हे सगळं होईपर्यंत अर्धा तास गेला. ऊन चढत होतं. दिग्दर्शक सारखा आकाशाकडं बघत होता.

"अजून आहेत का, आजी?" मी विचारलं.

"गावचं ह्ये दोनच. बाकीच्या खुना घरांच्या, त्येनं काय हुतंय."

"नक्की?"

मग पायदळाच्या रांगेच्या अलीकडं, मैदानाच्या पार खालच्या बाजूला तिनं हात केला. "पल्याड त्येंचा एक व्हता. पर त्यो मला म्हाईत न्हाय. त्या अंगाला आमी कंदी गेलो न्हाय. त्येंच्या खुना त्येनी लावायच्या."

"त्यांचा म्हणजे कुणाचा?" दिग्दर्शकानं विचारलं. तो मुंबईत वाढलेला, त्याला खरंच कळलं नव्हतं.

म्हातारीनं मान दुसरीकडं वळवली. पदर सारखा केला.

मला कळलं होतं. तो महारवाड्याचा आड. माझ्या आत्याचं घर त्याच अंगाला होतं. एवढंच नाही, तर तो आड खणताना आबा होते. गावच्या आडावर पाणी भरू देत नव्हते म्हणून दीक्षेनंतरच्या उन्हाळ्यात महारवाड्यातल्या माणसांनी स्वतःचा खणला आणि बहिणीच्या गावाला मदत करायला आबा सणसरहून चालत गेले होते. ही गोष्ट मी त्यांच्या तोंडून पन्नास वेळा ऐकली होती. मला एकच करायचं होतं. सगळ्यांसमोर म्हणायचं होतं, थांबा, माझ्या वडिलांना माहीत आहे.

आजूबाजूला सगळे उभे होते. दिग्दर्शक, घोड्यांचे मास्तर, खुर्ची देणारे दोन-तीन पाटील, म्हातारी. सगळे माझ्याकडं बघत होते. माझ्या छातीत भोंगा वाजल्यासारखं झालं.

मी म्हणालो, "तो फार लांब असेल. घोडे तिथवर येणार नाहीत."

हे वाक्य मी उच्चारलं. कुणी माझ्या तोंडात घातलं नाही.

सगळे पटापट जागेवर गेले. मी कॅमेऱ्याशेजारी आलो आणि समोर बघितलं. रांगेतून एक माणूस हात हलवत होता. आबा. इकडची धावपळ, दगड, चाकं बघून त्यांनी शेजारच्याला विचारलं असणार आणि काय ते ओळखलं असणार. आधी कपाळावर हात धरून त्यांनी माझ्याकडं नीट बघितलं, मग तोच हात उंच केला, मग खाली जमिनीकडं बोट केलं. पुन्हा हात उंच. एवढ्या लांबून आवाज येत नव्हता. मला मात्र त्यांचं म्हणणं शब्दाशब्दानं ऐकू येत होतं.

मी तळहात खाली दाबून इशारा केला, थांबा, गप उभे राहा. नंतर बघू.

पांढरं निशाण हललं.

घोडे सुटले तसा जमिनीचा थरकाप माझ्या गुडघ्यांपर्यंत आला. पहिल्यांदा ते ठरल्याप्रमाणे आले. मग पाटलाच्या आडाजवळची चाकं बघून पुढचा घोडा बिचकला आणि खालच्या बाजूला वळला. एक वळला की बाकीचे वळतात, हे मला, गाड्या आणि बैल पुरवणाऱ्या माणसाला, माहीत असायला हवं होतं. अख्खी झुंड त्या अंगाला वळली. जिथं ते येणार नाहीत असं मी म्हणालो होतो, बरोबर तिथं.

आणि आबा रांगेतून बाहेर पडले. धावले नाहीत. मान वळवून देवळाचा कळस बघत, दोन पावलं डावीकडं, एक पाऊल पुढं, असं करत गेले आणि एका जागी उभे राहिले. भाला आडवा धरला, ढाल टाकली, एक हात उंच केला. काठी रोवावी तसे उभे राहिले.

चाळीस घोडी माझ्या बापावर चालून जात होती आणि मी खिशातलं घड्याळ मुठीत धरून उभा होतो. मग धुळीनं सगळं झाकलं. त्या धुळीत मी त्यांना मेलेलं बघितलं. अगदी स्पष्ट बघितलं, मुंडासं एकीकडं, ते एकीकडं. अजूनही दिसतं.

धूळ बसली तेव्हा घोडे दोन्ही बाजूंनी पार झाले होते. एक स्वार पडला होता, कोपर धरून शिव्या देत बसला होता. आबा उभे होते. त्यांचा उजवा पाय गुडघ्यापर्यंत जमिनीत रुतला होता.

मी पोचलो तेव्हा मास्तरांनी आणि दोघांनी त्यांना काखेत धरून मागं ओढलं. पाय निघाला तशी त्या भोकात वरची माती घरंगळली आणि बऱ्याच वेळानं आतून चिखलाचा आवाज आला. सगळे त्या भोकाकडं बघत राहिले. घोड्यांचे मास्तर खाली बसले आणि त्यांनी दोन्ही कानांना हात लावले.

आबा हातातला भाला कुणाला घेऊ देईनात. मी त्यांना कधी घाबरलेलं बघितलं नव्हतं. "लई भ्यालो रं," ते म्हणाले. "म्हटलं, आता काय ऱ्हात न्हाय. पर कळस आड खनताना दिसायचा तसाच मागच्या टेकडीच्या खिंडीत दिसत व्हता, म्हंजे जागा चुकली नव्हती." मग माझ्याकडं बघून म्हणाले, "तुला हात केला व्हता म्या."

मी खाली वाकून त्यांची ढाल उचलली.

आबा पायावरचा गाळ हातानं निपटत म्हणाले, "तुला दिसलं नसंल. ऊन तुज्या डोळ्यावर व्हतं."

मी म्हणालो, "व्हय."

मी घड्याळ काढून पुढं केलं. ते त्यांनी स्वतःच बांधलं. त्या आडावर मग बाभळीची ताजी काठी रोवली, आबांनीच, आणि मुंडाशाची चिंधी फाडून तिला बांधली. म्हातारी लांबून बघत होती. तिनं जवळ यायला पाऊल उचललं आणि परत शेरडांकडं वळली.

तो शॉट सिनेमात राहिला. मी तो कापून टाकायला सांगितला होता. दिग्दर्शकानं ऐकलं नाही, म्हणाला, असा शॉट ठरवून मिळत नाही. पुढच्या वर्षी सिनेमा बारामतीला लागला. आबा माझ्या शेजारी बसले. लढाई जवळ येऊ लागली तसा मी पडद्याऐवजी आबांकडं बघू लागलो. या वेळी मला हसण्याची भीती वाटत नव्हती. आबा काय बघतील याची वाटत होती.

पडद्यावर घोडे वळले. एक म्हातारा शिपाई रांगेतून बाहेर आला आणि उभा राहिला. थिएटर चिडीचूप झालं. एवढ्या मोठ्या पडद्यावर सगळं दिसत होतं, मनगटावरची गोरी रेघ दिसत होती, चेहऱ्यावरची प्रत्येक सुरकुती उन्हानं उजळलेली होती. त्यांचे डोळे उन्हानं बारीक झाले होते. कपाळाला आठ्या होत्या. सूर्य थेट त्यांच्या तोंडावर होता, म्हणजे आमच्या पाठीमागं होता.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. मागून कुणीतरी विचारलं, "ह्यो कोन म्हनायचा?" शेजारच्यानं सांगितलं, "असंल कुनी सरदार."

आबा पडद्याकडंच बघत होते. टाळ्या थांबल्यावर अगदी हळू, माझ्याकडं न वळता, म्हणाले, "ऊन तर माज्या डोळ्यावर व्हतं की रं."

हे त्यांना तेव्हाच ठाऊक होतं, की आत्ता बघून कळलं, ते मी विचारलं नाही. ते जाईपर्यंत विचारलं नाही. तिथं अंधारात मी एवढंच म्हणालो, "व्हय आबा. मला दिसला व्हता तुमचा हात."

त्यांनी मान हलवली. मग मी मागं वळून, तो कोण असं विचारणाऱ्या माणसाला सांगितलं, की ते माझे वडील आहेत आणि ते उभे आहेत तो महारवाड्याचा आड आहे.